गळ्याचे वतन

गवई जेव्हा चित्रपटाचा संगीतकार होतो, तेव्हा त्याच्या हातून एक वतन सुटते, असे मला फार दिवसांपासून वाटत आले आहे. ज्या गळ्याच्या बळावर त्याने मैफली जिंकल्या, ज्याच्या ओळखीने लोक त्याला रस्त्यात थांबवून नमस्कार करू लागले, तो गळा त्याला चित्रपटाच्या दप्तरी दाखल होताच बाजूला ठेवावा लागतो, आणि सुचलेली सुंदर चाल आपल्या कंठातून उमटण्यापूर्वीच दुसऱ्या कोणाच्या तरी नावे लिहून द्यावी लागते. पडदा हा धनी मोठा विलक्षण आहे. त्याला गाणे हवे असते, गवई मात्र प्रसंगापुरताच हवा असतो. रंगभूमीवर नायकाने एक पद सात वेळा 'वन्स मोअर' घेऊन म्हटले तरी कथा बिचारी विंगेत हात जोडून उभी राही. चित्रपटात मात्र कथेची फीत एकदा सुटली की ती कोणासाठी थांबत नाही.

हा मामला काही आपल्याकडचाच नव्हे. इंग्लंडात विजेच्या वाद्यांवर वाढलेल्या गायकांची जी पिढी १९८०च्या दशकात पुढे आली, तिच्यातील काहीजण पुढे चित्रपटांच्या आश्रयाला गेले. 'पॉप विल ईट इटसेल्फ' या वाद्यवृंदातून गाणारा क्लिंट मॅन्सेल १९९८मध्ये 'पाय' या चित्रपटाचा संगीतकार झाला, आणि ज्यांनी त्याचे गाणे कधी ऐकले नव्हते अशा प्रेक्षकांनी त्याचे शब्दावाचूनचे संगीत मनात साठवले. परंतु एवढ्या दूर जाण्याचे मला प्रयोजन नाही. आपल्या मराठी मुलखातच, विजेची वाद्ये येण्यापूर्वी, हाच प्रश्न तीन गवयांपुढे उभा राहिला आणि तिघांनी त्याची तीन निराळी उत्तरे दिली. केशवराव भोळ्यांनी गळा जवळजवळ सोडून दिला, सी. रामचंद्रांनी तो निराळ्या नावाने भाड्याने दिला, आणि सुधीर फडक्यांनी तो राखून ठेवून अतिशय काटकसरीने खर्च केला. माझा ओढा तिसऱ्याकडे अधिक आहे, हे वाचकांपासून लपवून ठेवण्यात अर्थ नाही. आणि त्या ओढ्याला एक अगदी स्थानिक कारण आहे.

ते कारण असे, की १९४९ साली प्रभात फिल्म कंपनीने 'संत जनाबाई' नावाचा चित्रपट काढला. त्यात जनाबाईची भूमिका हंसा वाडकरांनी केली, आणि त्याचे संगीत सुधीर फडक्यांचे होते. जनाबाई आमच्या परभणी जिल्ह्यातील गंगाखेडची. गोदावरीच्या काठचे हे गाव तिचे जन्मस्थान. तेथून ती लहानपणीच पंढरपुरास नामदेवांचे वडील दामाशेटी यांच्या घरी गेली, आणि जन्मभर दळण-कांडण, झाडलोट, पाणी भरणे ही कामे करीत राहिली. हा चित्रपट निघाला तेव्हा आमचा मुलूख निजामाच्या रियासतीतून सुटून जेमतेम वर्ष लोटले होते. त्यापूर्वीची कारकीर्द ज्यांनी पाहिली ती माणसे सांगत, की चार मराठी माणसांनी एकत्र जमायचे तरी 'गश्ती निशाण त्रेपन्न' या निजामी हुकमाचा बडगा डोक्यावर असे, आणि सभेला, व्याख्यानाला, कधी कधी निरुपद्रवी समारंभालाही कचेरीची इजाजत लागे. अशा बंदोबस्तातच मराठी माणसांच्या महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन १९३७ साली परतूरला भरले; परतूर त्या वेळी परभणी जिल्ह्यात होते. १७ सप्टेंबर १९४८ रोजी ही बंधने संपली. ज्या मुलखाला स्वतःच्या भाषेत सभा भरवण्यासाठी अर्ज करावा लागे, त्या मुलखातल्या एका मोलकरणीची कथा पुण्याच्या नामांकित कंपनीने पडद्यावर आणावी, या योगायोगाचे मला अजूनही अप्रूप वाटते. कंपनीने काही मराठवाड्याच्या मुक्तीसाठी तो काढला नव्हता. संतपट हा तिचा जुना, चालता धंदा होता. तरीही.

आता जनाबाईचे गाणे म्हणजे काय, याचा विचार संगीतकाराच्या अंगाने करून पाहावा. तिच्या नावावर तीनशेहून अधिक अभंग आहेत, आणि लोकस्मृतीत ती सदैव जात्यापाशी बसलेली आहे. विठ्ठल तिच्याबरोबर दळू लागतो ही कथा मराठवाड्यातल्या कोणत्याही वृद्ध बाईला विचारावी. जात्यावरच्या गाण्याला मात्रांचा हिशेब नसतो. खुंटा फिरत असतो, त्याच्या फेऱ्याशी शब्द सैलपणे बांधलेले असतात, मूठभर दाणे जात्याच्या मुखात सोडायला हात वळला की ओळ तेवढी लांबते, आणि दम लागला की गाणे तेथेच थांबून पुन्हा उचलले जाते. ते ऐकायला कोणी नसते. फार तर समोर दुसरा हात देणारी शेजारीण असते, नाहीतर ज्याच्या येण्याची खात्री नाही असा देव. अशा गाण्याला पेटीचा सूर, तबल्याचा ठेका आणि घड्याळाचा काटा लावणे म्हणजे नदीला मोजपट्टीने बांधण्यासारखे आहे.

हे केवळ शास्त्रार्थाने बोलत नाही. काही वर्षांपूर्वी गंगाखेडकडच्या एका घरी एकादशीच्या भजनाला बसलो होतो. भजनी मंडळात आता पखवाजाच्या शेजारी कॅसिओही येऊन बसला आहे, आणि तो वाजवणारा तरुण मोठ्या उत्साहाचा होता. मंडळींनी एका म्हाताऱ्या बाईंना जात्यावरच्या ओव्या म्हणण्याचा आग्रह केला. त्या दोन ओळी म्हणून अडखळल्या, पुन्हा सुरू झाल्या, पुन्हा अडखळल्या, मग त्या तरुणाकडे वळून म्हणाल्या, "ते वाजीवणं बंद कर बापू, मंग म्हणते. ते मला पळीवतंय." त्याने निमूटपणे बटण दाबले, आणि नंतर त्यांनी जे म्हटले ते एका लयीत होते; परंतु ती लय त्या पेटीत नव्हती. संगीत दिग्दर्शनाच्या कलेवर एवढी नेमकी टीका मी कोणत्याही ग्रंथात वाचलेली नाही. प्रभातच्या तिशीतल्या संगीतकारापुढे नेमका हाच पेच असणार: बाईचे गाणे पळू द्यायचे नाही, आणि फीत तर पळतेच आहे.

हा तिशीतला संगीतकार कोल्हापूरचा. २५ जुलै १९१९ रोजी जन्मलेला, मूळ नाव रामचंद्र विनायक फडके. वामनराव पाध्ये यांच्याकडे त्याने गाण्याची तालीम घेतली. परंतु घरची परिस्थिती ओढगस्तीची, आणि त्यामुळे उमेदीची वर्षे गावोगाव भटकण्यात, मिळेल तेथे गाण्यात आणि बहुतेक वेळा उपाशी राहण्यात गेली. या दिवसांचे वर्णन त्यांनी स्वतः 'जगाच्या पाठीवर' या अपुऱ्या राहिलेल्या आत्मचरित्रात केले आहे, आणि त्याची विशेषता अशी की त्यात दैन्याचे प्रदर्शन नाही. हिशेबनीस जमाखर्च लिहितो तसे ते लिहिले आहे. १९४१च्या सुमारास एच.एम.व्ही. या ध्वनिमुद्रिका काढणाऱ्या कंपनीशी त्यांचा संबंध आला, आणि १९४५ साली ते प्रभातमध्ये दाखल झाले. 'गोकुळ' १९४६चा, 'आगे बढो' १९४७चा. म्हणजे 'संत जनाबाई'च्या वेळी त्यांच्यामागे चित्रपटाचा काही अनुभव होता. आणि त्याच वर्षी ललिता देऊळकर या स्वतः उत्तम गायिका असलेल्या मुलीशी त्यांचा विवाह झाला, ज्यात महंमद रफींनी मंगलाष्टके म्हटल्याची हकीकत पुष्कळांना ठाऊक आहे. रफींच्या आवाजातली मंगलाष्टके! अक्षता टाकायला कोणाचा हात उठला असेल, देव जाणे.

ध्वनिमुद्रिकेने गवयाला जो पहिला धडा दिला तो काळाचा होता. अठ्ठ्याहत्तर फेऱ्यांच्या तबकडीच्या एका बाजूवर सव्वातीन मिनिटांच्या आसपास गाणे बसे; ज्या गवयाला नुसता षड्ज लावायलाच तेवढा अवधी लागे त्याच्यासाठी हा हुकूम जबरदस्त होता. परंतु त्या सव्वातीन मिनिटांत तो निदान स्वतःचा धनी असे. चित्रपटाने दुसरा धडा दिला तो परावलंबनाचा. नायिका विहिरीवरून घागर उचलून दारापर्यंत येते तेवढ्यात अंतरा संपला पाहिजे, तिच्या चेहऱ्यावर प्रकाश पडतो तेव्हा सूर चढला पाहिजे, आणि हे सर्व गाणार आहे तिसरीच कोणी, जिला तो प्रसंग पुरता ठाऊकही नाही. त्या काळी गाणे एका दमात मुद्रित होई. मोजके ध्वनिक्षेपक, त्यांच्यापासून कोणते वाद्य किती हात दूर बसवायचे यावर साऱ्या तोलाची भिस्त, आणि शेवटच्या ओळीत व्हायोलिनवाल्याचा गज घसरला की पहिल्यापासून पुन्हा. मैफलीत चुकलेली जागा गवई पुढच्या तानेत भरून काढतो. येथे तशी मुभा नव्हती.

फडक्यांच्या आधी या वाटेने केशवराव भोळे गेले होते. ते मूळचे अमरावतीकडचे, वैद्यकी शिकायला मुंबईस आले आणि गाण्यात रमले. १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा' या नाटकाला त्यांनी जे संगीत दिले त्याने नाट्यपदाचा लांबलचक शिरस्ता मोडून भावगीताला रंगमंचावर जागा करून दिली. पुढे प्रभातमध्ये 'अमृतमंथन', 'संत तुकाराम', 'कुंकू', 'संत ज्ञानेश्वर' अशी त्यांची कामगिरी झाली. 'संत तुकारामा'तील एक पद शांताराम आठवल्यांनी लिहिलेले असूनही लोकांनी ते तुकोबांचेच मानले, याचे श्रेय कवीला जितके तितकेच त्या चालीला आहे. संगीतकाराने स्वतःला इतके मागे घेतले होते की रचना तीनशे वर्षे जुनी वाटावी. परंतु भोळ्यांच्या संयमाची खरी परीक्षा १९३७च्या 'कुंकू'त झाली. दिग्दर्शक व्ही. शांताराम यांनी त्या चित्रपटात पार्श्वसंगीत वर्ज्य केले. घड्याळाची टिकटिक, दारांचे, भांड्यांचे, रस्त्याचे आवाज एवढ्यावरच भागवले, आणि गाणी आली ती जेथे खरोखर कोणी गात आहे किंवा ग्रामोफोन वाजत आहे तेथेच. संगीतकाराला असे सांगणे, की तुझे सर्वांत मोठे काम म्हणजे येथे न वाजवणे हे होय, हे धाडसाचे. आणि गवयाने ते मान्य करणे त्याहून धाडसाचे. भोळे पुढे संगीतावर अतिशय साक्षेपी लिहू लागले. त्यांचा गळा गेला तो लेखणीत गेला, असे मी समजतो. त्यांनी वतन सोडले ते राजीखुशीने.

सी. रामचंद्रांचा प्रकार निराळा. हेही गोदाकाठचेच, १९१८ साली पुणतांब्याला जन्मलेले रामचंद्र चितळकर. विनायकबुवा पटवर्धनांच्या हाताखाली शिकले, 'नागानंद' नावाच्या चित्रपटात नायक म्हणून उभे राहिले, तो पडला, आणि मग मिनर्व्हा मूव्हिटोनमध्ये पेटी वाजवण्यापर्यंत उतरले. तेथून जे चढले ते हिंदी चित्रपटसृष्टीच्या शिखरावर जाऊन बसले. या गृहस्थाने 'शहनाई'त, 'अलबेला'त सॅक्सोफोन, गिटार, बेंजो यांचा जो धुमाकूळ घातला त्याने मोठमोठी सोवळी विटाळली. त्यांच्या वाद्यमेळात गोव्याचे ख्रिस्ती वादक होते, 'चिक चॉकलेट' या नावाने प्रसिद्ध असलेले आंतोनियो झेवियर वाझ होते. पाश्चात्त्य स्वरलेखन जाणणाऱ्या या गोंयकारांवाचून त्या काळचे हिंदी संगीत उभेच राहिले नसते, आणि पडद्यावर त्यांची नावे मात्र क्वचितच आली. रामचंद्रांनी आपला गळाही वापरला, परंतु संगीतकार म्हणून 'सी. रामचंद्र' आणि गायक म्हणून 'चितळकर' अशी दोन खाती ठेवली. एकाच माणसाने स्वतःच्या दोन कुळांशी अलग करार केल्याचे हे उदाहरण आहे. त्यात विनोद होता आणि व्यवहारही. 'अनारकली'च्या चालींचा कर्ता आणि भगवानदादांच्या ओठांतून थिरकणारा गायक हे एकच, यावर विश्वास बसू नये अशीच ती तजवीज होती.

येथे एक विषयांतर करण्याचा मोह आवरत नाही. परभणीत लग्नसराईत कोणतीही वरात घ्या. गाड्यावर बांधलेला कॅसिओ, मागे ढोल, आणि रात्री दहाच्या सुमारास, उरलेल्या लाजेचा निरोप घेऊन, ती पुंगीची धून वाजू लागते आणि नवऱ्या मुलाचे मामा रुमाल तोंडात धरून रस्त्यावर लोळू लागतात. ही धून १९५४च्या 'नागिन' चित्रपटातली. संगीतकार हेमंतकुमार, म्हणजे पुन्हा एक गवईच, बंगालचा. लोकांना वाटते ती खरी पुंगी आहे. ती पुंगी नव्हेच. क्लॅव्हायोलिन नावाच्या विजेवर चालणाऱ्या पट्टीवाद्यावर ती कल्याणजींनी वाजवली, पेटीची साथ रवींनी केली, आणि ते दोघेही पुढे स्वतंत्र संगीतकार झाले. इंग्लंडातील मुले विजेच्या पेट्यांवर गाणी रचू लागण्याच्या पंचवीस वर्षे आधी आमच्या वरातींना विजेच्या सुराचे वेड लागले होते, आणि अद्याप ते उतरलेले नाही. म्हणून कॅसिओवाल्या तरुणावर माझा राग नाही. यंत्र हे कधीच अपराधी नसते. त्याने म्हाताऱ्या बाईला पळवावे की नागाला डोलवावे हे बोटे ठरवतात.

फडक्यांकडे परत येतो. प्रभात पुढे मोडकळीस आली. परंतु तोवर त्यांना ग. दि. माडगूळकरांची लेखणी आणि राजा परांजप्यांचे दिग्दर्शन लाभले होते. 'जिवाचा सखा', 'पुढचं पाऊल', 'लाखाची गोष्ट', 'ऊन पाऊस', आणि १९६०चा 'जगाच्या पाठीवर' ही नावे घेतली की मराठी मध्यमवर्गाचे एक युगच डोळ्यांपुढून जाते. या चित्रपटांतील फडक्यांची कारागिरी पाहावी तर ती प्रथमतः शब्दांशी असलेल्या वागणुकीत दिसते. बालगंधर्व आणि हिराबाई बडोदेकर यांच्या गायकीचा संस्कार त्यांच्यावर खोल होता. हिराबाईंच्या गाण्यातील सात्त्विक सरळपणा त्यांनी चालीत आणला, आणि शब्दातला प्रत्येक वर्ण, त्याचा आघात, त्याचा अनुनासिक, ऐकणाऱ्याच्या पदरात नीट पडेल याची व्यवस्था केली. चाल बांधताना ती अवघड जागांनी सजवायची आणि गाताना मात्र ती अत्यंत सोपी वाटली पाहिजे, हा त्यांचा हट्ट असावा असे त्या गाण्यांवरून वाटते. घरोघरच्या मुली त्या चाली गुणगुणायला घेत आणि तिसऱ्या ओळीत फसत.

त्यांच्या चित्रपटसंगीतातली सर्वोत्तम स्थळे कोणती, असे मला कोणी विचारले तर मी त्यांच्या स्वतःच्या गळ्याकडे बोट दाखवणार नाही. १९६१चा 'भाभी की चूडियाँ' हा 'वहिनींच्या बांगड्या' या मराठी चित्रपटाचा हिंदी अवतार. त्यात पंडित नरेंद्र शर्मांचे जे प्रभातगीत लताबाईंनी गायिले आहे, ते भूप रागात बांधलेले आहे. शास्त्राप्रमाणे भूप रात्रीच्या पहिल्या प्रहराचा राग. कोणा हिंदुस्थानी पंडिताने पहाटेच्या प्रसंगाला तो योजला नसता. परंतु महाराष्ट्रात देवाला जागे करण्याची जी भूपाळी आहे ती पिढ्यान्‌पिढ्या त्याच सुरांच्या आसपास फिरत आलेली, आणि कोल्हापुरात वाढलेल्या फडक्यांच्या कानांत पहाट म्हटली की तेच स्वर वाजत असणार. शास्त्राचा कायदा आणि घरचा रिवाज यांचा तंटा त्यांनी घराच्या बाजूने तोडला, आणि तोही हिंदी पडद्यावर, लताबाईंच्या आवाजात, आपले मराठीपण कोठेही न मिरवता. दुसऱ्याच्या गळ्यातून स्वतःचे गाव बोलते करणे, ही संगीतकाराची खरी मिळकत. आशाबाईंकडून त्यांनी मराठीत जे गाऊन घेतले त्याची तर मोजदादच नको.

आणि स्वतःचा गळा? तो त्यांनी कधी टाकला नाही. परंतु चित्रपटात तो जेथे आला तेथे बहुधा कथेतला कोणी उनाड, फकीर, वाटसरू, किंवा कोणीच नसलेला केवळ निवेदक होऊन आला. नायकाची मिजास त्या आवाजात नव्हती. हिशेब पुरता फिटला तो आकाशवाणीवर. १ एप्रिल १९५५ रोजी, रामनवमीला, पुणे केंद्रावरून 'गीतरामायण' सुरू झाले. केंद्राचे सीताकांत लाड यांच्या प्रेरणेने माडगूळकरांनी आठवड्याला एक याप्रमाणे छप्पन्न गीते लिहिली आणि फडक्यांनी त्यांना चाली दिल्या. पुष्कळांच्या ध्यानी नसते ते हे, की आकाशवाणीवर ही गीते अनेकांनी गायिली होती. माणिक वर्मा, वसंतराव देशपांडे, मालती पांडे, राम फाटक, ललिता फडके अशी ती मांदियाळी होती, आणि फडक्यांच्या वाट्याला त्यातील ठरावीकच गीते होती. म्हणजे येथेही प्रथम त्यांनी चित्रपटाचाच न्याय लावला: पात्राला शोभेल तो गळा. पुढे मात्र ते एकटे बैठक मारून कौसल्या, कैकेयी, भरत, निषादराज, सीता, सगळ्यांची गीते स्वतः गाऊ लागले आणि महाराष्ट्रभर ती ऐकायला हजारो माणसे जमू लागली. दुसऱ्यांच्या नावे करून दिलेली जमीन त्यांनी एकेक करून परत सोडवून घेतली. आणि ज्यांच्या नावे ती होती त्यांच्यापैकी कोणी तक्रार केल्याचे ऐकिवात नाही. पडद्यावर दहा वर्षे दुसऱ्यांसाठी चाली बांधल्या नसत्या, तर एका गळ्यातून इतकी पात्रे वेगळी उभी करता आली असती काय? मला शंका वाटते. त्यांच्या भरतात आणि लक्ष्मणात आवाज बदललेला नसतो. श्वास बदललेला असतो. हे शिक्षण मैफलीत मिळत नाही.

भक्तांच्या घोळक्यात उभे राहून बोलतो आहे असे होऊ नये म्हणून उणेही सांगतो. फडक्यांचे पार्श्वसंगीत मला त्यांच्या गीतांच्या तोलाचे वाटत नाही. शब्द संपले की त्यांची प्रतिभा काहीशी पोरकी होते, आणि व्हायोलिनचे ठरलेले उमाळे, बासरीची ठरलेली सांत्वने कामाला येतात. भोळ्यांनी 'कुंकू'त जो मौनाचा धडा गिरवला, किंवा रामचंद्रांनी वाद्यमेळात जी खोडकर बुद्धी चालवली, ती दोन्ही फडक्यांच्या स्वभावात नव्हती. ते शब्दांचे सेवक. शब्दाविना त्यांना करमत नसे. शिवाय त्यांच्या आयुष्यात गाण्याखेरीज इतर निष्ठाही तेवढ्याच प्रखर होत्या. १९५४ साली दादरा-नगरहवेलीच्या मुक्तिसंग्रामात ते प्रत्यक्ष उतरले, आणि उतारवयाची कितीतरी वर्षे त्यांनी लोकवर्गणीतून 'वीर सावरकर' हा चित्रपट उभा करण्यात घालवली. तो २००१मध्ये प्रदर्शित झाला, आणि २९ जुलै २००२ रोजी ते गेले. चित्रपट म्हणून तो कसा होता याविषयी मतभेद होऊ शकतील. परंतु त्या वर्षांत आणखी किती चाली झाल्या असत्या, हा विचार माझ्यासारख्या स्वार्थी श्रोत्याच्या मनातून जात नाही.

जनाबाईचा प्रश्न मात्र तेथेच उरतो. प्रत्येक अभंगाच्या शेवटी ती आपली मुद्रा उमटवते, आणि त्या मुद्रेतही पुष्कळदा आपण नामयाची दासी असल्याचेच सांगते: कर्तृत्वावर हक्क नोंदवायचा तो दुसऱ्याच्या सेवेच्या नोंदीखाली. गळ्याचे वतन दुसऱ्याला देऊन टाकण्याचा हा प्रकार फडके प्रभातच्या दिंडी दरवाजात शिरण्यापूर्वी सहाशे वर्षे आमच्या गंगाखेडच्या मुलीने करून ठेवला होता. फरक एवढाच, की तिचे नाव गाण्यातच विणलेले असल्यामुळे कोणाला ते गाळता आले नाही. संगीतकाराचे नाव चित्रपटाच्या पाटीवर दोन क्षण येते, आणि गाणे पुढे लताबाईंचे, आशाबाईंचे, नाहीतर नायिकेचे म्हणून ओळखले जाते. 'संत जनाबाई'चे संगीत कोणाचे, हे आज गंगाखेडच्या चौकात विचारले तर किती जण सांगू शकतील?

विजेच्या गिरण्या आल्या, जाती उलटी करून परसात टाकली गेली, आणि त्यांच्यावरचे गाणे मुके झाले. गी पॉइटव्हाँ आणि हेमा राईरकर या पुण्याच्या अभ्यासकांनी व त्यांच्या सहकाऱ्यांनी गावोगावच्या बायकांकडून लाखाहून अधिक ओव्या जमवून ठेवल्या. शेजारच्या बीड जिल्ह्यात माजलगावला १९९६ साली त्यांनी केलेली ध्वनिमुद्रणे आजही ऐकता येतात, आणि त्यांत वाद्य एकही नाही. हे काम झाले हे मोठे. दुसरे एक लहान काम मात्र आपल्या हातचे आहे. त्या काळी प्रत्येक चित्रपटाबरोबर गाण्यांची पुस्तिका निघे. त्यात पदे, नटसंच, संगीतकार यांची नोंद असे, आणि हौशी माणसे ती जपून घरी नेत. गंगाखेड, परभणी, सेलू, मानवत, पाथरी, जिंतूर या बाजूच्या जुन्या वाड्यांतील ट्रंकांत, पोथ्यांच्या फडक्यांत, 'संत जनाबाई'ची किंवा त्या काळच्या दुसऱ्या कोणत्या मराठी चित्रपटाची पुस्तिका अथवा तबकडी ज्यांना सापडेल त्यांनी ती रद्दीवाल्याला देऊ नये. पुण्यात १९६४पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. तेथे अशा वस्तू जतन होतात. पाठवण्यापूर्वी आत आपल्या आजीचे नाव लिहिलेले असेल तर तेवढे पाहून घ्यावे, आणि ते पान फाडू नये.